कमळजेची हकीकत

मनिषा सोनकांबळे लातूरच्या कर्णबधिर शाळेत एकवीस वर्षं शिकवत होती आणि तिला स्वतःलाही ऐकू येत नव्हतं. नऊ वर्षांची असताना तिला मेंदूज्वर झाला. त्यातून ती उठली, पण कान गेले. बोलणं तेवढं शाबूत राहिलं. आपला आवाज कसा आहे हे तिला ठाऊक नव्हतं. समोरच्याचा चेहरा बघून ती तो चढवायची किंवा उतरवायची. लोकांचं बोलणं ती ओठांवरून वाचायची, आणि त्यात तिचा हात धरणारं जिल्ह्यात कुणी नव्हतं.

नव्या मुलांना ती पहिल्याच आठवड्यात सांगून टाकायची, की ओठ सगळं सांगत नाहीत. प, ब, भ, म या चारही अक्षरांना ओठ सारखेच मिटतात. बाबा, मामा, पापा एकच दिसतात. क, ग, ह तर घशातच राहतात. म्हणजे निम्मं वाचायचं आणि निम्मं अंदाजाने भरायचं. अंदाज लागला नाही तर सरळ म्हणायचं, कळलं नाही, परत सांगा. कळल्याचं सोंग आणायचं नाही.

जानेवारीत शाळेच्या मुख्याध्यापकांनी तिला एक निरोप दाखवला. उदगीरचे कुणी विरूपाक्ष बिरादार, वय बहात्तर, बसस्टँडजवळ फोटो स्टुडिओ. त्यांच्याकडे एक मुका सिनेमा होता, नऊ मिनिटांचा तुकडा. त्यातली माणसं काय बोलतात ते वाचून देणारं कुणीतरी हवं होतं.

मनिषा रविवारी सकाळच्या बसने गेली. जावंसं वाटलं असं नाही. रविवार रिकामा होता, एवढंच. हल्ली ती बहुतेक गोष्टी तशाच करायची.

स्टुडिओच्या मागच्या खोलीत भिंतीवर रंगवलेला धबधबा होता, पुढे एक लाकडी खुर्ची आणि कोपऱ्यात कॉम्प्युटर. बिरादार अप्पा उंच, वाकलेले. त्यांचा वरचा ओठ बाकीच्या चेहऱ्यापेक्षा फिकट होता. मनिषाचं तिकडे लक्ष गेलेलं बघून ते तोंड उजेडाकडे करून, सावकाश म्हणाले, "मिशा काल काढल्या, मॅडम. म्हणलं तुम्हाला वाचायला अडचण नको."

मनिषाला बऱ्याच दिवसांनी कुणीतरी आवडलं.

त्यांचे आजोबा निजामाच्या काळात देवणी बैलांच्या गाडीत मशीन घालून जत्रांतून सिनेमे दाखवत. पुढे ते सगळं बंद पडलं आणि तंबू, खांब, डबे डाळीच्या गोदामात जाऊन पडले. गेल्या वर्षी गोदामाचे पत्रे बदलताना एक गंजका डबा सापडला. आत रीळ होतं, 'कमळजा अथवा दिलेला शब्द' या सिनेमाचं. हा सिनेमा पूर्वी एका कादंबरीवरून काढला होता आणि त्याची एकही प्रत कुठे उरलेली नव्हती. रीळ मशीनवर चढवायचं तर पेट घ्यायची भीती. म्हणून अप्पांनी चार महिने बसून एकेका चौकटीचा फोटो काढला. साडेआठ हजार फोटो. ते ओळीने लावले आणि चित्र हलायला लागलं.

"संवादाच्या पाट्या मात्र एक बी न्हाईत," अप्पा म्हणाले. "त्या गुजरातीत असायच्या. आजोबा त्या कापून टाकायचे आन पडद्याजवळ उभं राहून आपल्या भाषेत गोष्ट सांगायचे. आता आजोबा न्हाईत आन पाट्या बी न्हाईत."

कादंबरी त्यांनी नांदेडच्या एका जुन्या वाचनालयातून झेरॉक्स करून आणली होती. सतराव्या प्रकरणातल्या एका ओळीखाली लाल रेघ होती: 'मग कमळजेने नणंदेस सर्व हकीकत सांगितली.' बस, एवढंच.

"पुस्तकात एक ओळ," अप्पा म्हणाले, "आन सिनेमात ही बाई चार मिनिटं बोलून राहिलीय. काय सांगून राहिली असंल? मार्चमध्ये नांदेडला दाखवायचाय. तवर नव्या पाट्या लिहायच्यात मला."

चित्र सुरू झालं. खिडकीजवळ दोन बायका बसलेल्या. नणंदेचं काम एका पुरुषाने केलं होतं, लुगडं नेसून. मनिषाने आधी त्याचे ओठ वाचले आणि मोठ्याने सांगितलं, "ऊन डोळ्यात येतंय. चोळी काचतेय. अजून किती वेळ?"

अप्पांचे खांदे हसून हसून हलत राहिले. मनिषालाही हसू आलं. मग कमळजा बोलायला लागली.

विशीतली मुलगी. चेहऱ्यावर पावडरचा थर, ओठ काळे रंगवलेले. ती भराभर बोलत नव्हती. मनिषा सांगत गेली आणि अप्पा लिहून घेत गेले.

"दार लोटा. पाणी लई गार हाय. पालथं झोपा म्हणतेत. पालथं झोप येत न्हाई. बाजूचा पहाटं गेला. चेन लावून नेला."

अप्पांची लेखणी थांबली. त्यांचे डोळे चमकले होते. "अहो, ही तर आपल्याकडची बोली! नटी आपल्या भागातली होती की काय? आन चेन म्हणजे साखळदंड असणार. अकराव्या प्रकरणात तुरुंग हाय."

मनिषाने मान हलवली. तिने पाण्याची बाटली उघडली, परत बंद केली. मग म्हणाली, "डोळे दुखून राहिलेत, अप्पा. हे मला मोबाईलवर पाठवा. घरी बघते."

परतीच्या बसमध्ये ती खिडकीशी बसली. बाहेर तुरीची कापणी चालली होती.

तिचा नवरा अश्वजित दोन हजार एकवीसच्या एप्रिलात नांदेडच्या दवाखान्यात वारला. पाटबंधारे खात्यात कारकून होता. लग्न झाल्यावर सहा महिन्यांत तो आवाज न काढता बोलायला शिकला होता, नुसत्या ओठांनी. लग्नाच्या मांडवात तो पुरुषांच्या पंगतीत आणि ती बायकांच्या, आणि मध्ये दोनशे माणसं असताना त्यांचं आरामात बोलणं चालायचं. महत्त्वाचं काही असलं की तो ते तीनदा सांगायचा, दर वेळी आणखी सावकाश. लहानपणी सायकलवरून पडून त्याच्या ओठाला टाके पडले होते. बोलताना उजवा कोपरा थोडा खाली ओढला जायचा. अनोळखी लोकांना तो हसतोय असं वाटायचं.

आजार आला तेव्हा सगळ्या जगाने तोंड झाकून घेतलं. इतरांसाठी मास्क म्हणजे नुसता कापडाचा तुकडा होता. मनिषासाठी दुकानदार, डॉक्टर, शेजारी, सगळे एका दिवसात मुके झाले. दवाखान्यात एका सिस्टरने तिला किट घालून दहा मिनिटं आत सोडलं. अश्वजितच्या शेजारच्या खाटेवर एका माणसाला करड्या पिशवीत घालून तिची चेन ओढत होते. गळ्यापर्यंत, मग तोंडावरून.

अश्वजितच्या तोंडावर ऑक्सिजनचा मास्क होता. तो बोलायला लागला. मास्कच्या आत पांढरी वाफ धरत होती, विरत होती, परत धरत होती. ओठ दिसत नव्हते. त्याने एकदा मास्क ओढायचा प्रयत्न केला, सिस्टरने परत बसवला. तो जे काही होतं ते तीनदा बोलला. तिसऱ्यांदा फार सावकाश. मग थांबून तिच्या तोंडाकडे बघत राहिला.

मनिषाला एक शब्द कळला नव्हता. पण तो ज्या डोळ्यांनी बघत होता, त्यांना 'परत सांग' म्हणणं तिच्याने झालं नाही.

ती म्हणाली, "हाव."

त्याने डोळे मिटले. दुसऱ्या दिवशी सकाळी तो गेला. अंत्यविधी महापालिकेच्या माणसांनी उरकले; तिच्या हातात एक कागद आला. त्याने काय मागितलं आणि आपण कशाला हो म्हणालो, हे तिला कधीच कळलं नाही. रडूही आलं नाही. ती जेवत होती, शिकवत होती, झोपत होती. शेजारच्या बायका तिच्या धीराचं कौतुक करायच्या.

सोमवारी मधल्या सुट्टीत तिने तो तुकडा मंजुश्रीला दाखवला. मंजुश्री चित्रकला शिकवायची, जन्मापासून बहिरी. मनिषाने तिला काहीच सांगितलं नाही. मंजुश्रीने दोनदा बघितलं आणि हातांनी खुणा केल्या: आकडे म्हणतेय. एकवीस, बावीस, तेवीस. आवाज कुठे यायचा होता? नट असंच काहीतरी पुटपुटायचे.

असणार. मनिषाने मोबाईल परत घेतला आणि आकडे मनात धरून बघितलं. एकवीस बसलं. बावीस बसलं. तिला हलकं वाटलं, आणि त्या हलकं वाटण्याचंच तिला नवल वाटलं.

तेवीसला कमळजेच्या ओठाचा उजवा कोपरा खाली ओढला गेला.

मनिषाने चित्र थांबवलं. मागे नेलं. परत बघितलं. दुखऱ्या जागेवरून ओठ ओढला जावा तसा तो कोपरा जात होता, आणि त्या मुलीच्या ओठाला कसलीही खूण नव्हती. नंतर आकडे बसले नाहीत.

पुढच्या रविवारी ती परत उदगीरला गेली. स्टुडिओच्या मागच्या अंगणात पाण्याने भरलेली बादली होती आणि तिच्यात काळपट गोळा बुडवून ठेवलेला. "रीळ चिकट झालं," अप्पा म्हणाले. त्यांचा वरचा ओठ पुन्हा घोटलेला होता. "असं पेटतंय म्हणतेत. पाण्यात टाकावं लागलं. आता फोटो तेवढे राहिले."

मनिषा म्हणाली, "शेवटचं एक मिनिट मोठं करून दाखवा. एकेक चौकट."

मोबाईलवर कमळजेचा चेहरा नखाएवढा होता. इथे तो ताटाएवढा झाला. अप्पा एकेक बटण दाबत होते. कमळजेने नणंदेकडून मान फिरवली आणि सरळ समोर बघितलं.

"हे बघा," अप्पा म्हणाले. "त्या वेळी कॅमेऱ्याकडं बघू द्यायचे न्हाईत. ही का बघून राहिलीय कुणास ठाऊक."

ती एकच वाक्य बोलली. पहिल्यांदा भराभर.

मनिषाला सुरुवात लागली. मी येईन. दार वाजवीन. तुला ऐकू यायचं न्हाई.

पुढचं नीट लागलं नाही. काहीतरी 'डी', लावू नको. पहिलं अक्षर घशातलं होतं.

दुसऱ्यांदा. जरा सावकाश.

गाडी. काडी. कडी.

काडी लावू नको. मनिषाने टेबलाची कड धरली. काडी असेल, तर ती लागून चार वर्षं होत आली होती. नांदेडला महापालिकेच्या माणसांनी, एका रांगेत, त्याच दुपारी.

"मॅडम, थांबू का?" अप्पांनी तिच्यासमोर वाकून विचारलं.

"पुढं घ्या, अप्पा."

तिसऱ्यांदा. फार सावकाश. एकेका अक्षराला आठ-आठ, दहा-दहा चौकटी. ज्याला समोरच्याला कळावं असं मनापासून वाटतं तो बोलतो तसं.

तोंड पूर्ण उघडलं नाही. आ नव्हता. अ होता.

कडी.

मी येईन. दार वाजवीन. तुला ऐकू यायचं न्हाई. म्हणून कडी लावू नको.

त्यानंतर कमळजा थांबली. अप्पा बटण दाबत गेले. नव्वद चौकटी तिचे ओठ मिटलेले होते आणि ती पडद्यातून मनिषाच्या तोंडाकडे बघत होती. मग तिने डोळे मिटले. कपाळावरची आठी गेली. तुकडा संपला.

"उत्तराची वाट बघितल्यासारखं करतीय," अप्पा म्हणाले. "आन मिळाल्यासारखं बी. कॅमेऱ्यामागून कुणी काय म्हणलं असंल?"

अप्पांनी बटणावरचा हात काढला.

"वाचता आलं का?"

"आकडे म्हणतेय, अप्पा," ती म्हणाली. "एकवीस, बावीस, तेवीस. आमच्या शाळेतल्या बाईंनी पण तेच वाचलं. पहिल्यांदा माझी चूक झाली."

अप्पांनी पडदा बंद केला. मग त्यांनी मागच्या रविवारी लिहिलेला कागद काढला, वाचला आणि घडी करून खिशात ठेवला. "म्हणजे हकीकत न्हाईच त्यात," ते म्हणाले. "बरं. मग पुस्तकातली ओळच लिहितो पाटीवर."

त्यांना फसवल्याचं तिला वाईट वाटायला हवं होतं. ते कुठेतरी लांब होतं, दुसऱ्याच्या घरात असल्यासारखं.

लातूरला घरी पोचली तेव्हा साडेसहा झाले होते. दोन खोल्या आणि पुढे ओटा. आत येऊन तिने सवयीने कडी लावली, आणि हात तिथेच राहिला. अश्वजित होता तेव्हा दार दिवसभर नुसतं लोटलेलं असायचं. तो गेल्यावर कडी लागायला लागली. एकटी बाई, त्यात ऐकू येत नाही. सगळ्यांनी तेच सांगितलं होतं.

तिने कडी तशीच ठेवली आणि टेबलाशी बसून ऋतुजाला व्हिडिओ कॉल लावला. ऋतुजा तिची एकुलती एक मुलगी. दोन वर्षांपासून नांदेडला शिकायला, होस्टेलवर. तिला चांगलं ऐकू येत होतं.

"ऋतू, तू घरी होतीस तेव्हा दार वाजायचं का?"

ऋतुजाचा चेहरा हलला नाही. मनिषाला वाटलं कॉल अडकला. मग ओठ हलले. "तुला कुणी सांगितलं?"

"वाजायचं का?"

"रोज." ऋतुजा सावकाश बोलत होती. "सात वाजता. पप्पा ऑफिसवरून यायचे त्या टायमाला. पहिल्यांदा म्हणलं पोरं खोड्या करतेत. उघडलं की कुणी न्हाई. आपला बेलचा बल्ब बी लागायचा न्हाई. नुसतं वाजायचं, हाताने. तीनदा."

दारावरची बेल दाबली की स्वयंपाकघरात लाल बल्ब लागायचा. तो अश्वजितनेच बसवला होता.

"मग?"

"मग मी उघडणं सोडलं."

"मला सांगायचं होतंस."

"काय सांगू, मम्मी? तुला ऐकू येत न्हाई हे बरंच हाय, असं वाटायचं मला. म्हणून तर नांदेडला आले. हितं कॉलेज मिळालं नसतं तरी आले असते."

मनिषाने घड्याळाकडे बघितलं. सातला चार मिनिटं होती. तिने मोबाईल पाण्याच्या तांब्याला टेकवून उभा केला. दोघी एकमेकींकडे बघत बसल्या.

सात वाजता ऋतुजाची नजर बाजूला गेली. ऐकू येणारी माणसं आवाजाकडे बघतात तशी.

"वाजतंय," तिचे ओठ म्हणाले.

मनिषा उठली. दाराशी जाऊन तिने दोन्ही तळवे लाकडावर ठेवले. तिला नेहमी कळायचं. शाळेत ढोल वाजला तरी भिंतीतून कळायचं. लाकूड गार होतं. त्यात काही नव्हतं.

तिने कडी काढली आणि दार उघडलं.

ओट्यावर शेजाऱ्यांची स्कूटर होती. गल्लीत दिवे लागले होते. एक बाई पिशवी घेऊन गेली, तिने मान हलवली, मनिषानेही हलवली. ओट्यावर कुणी नव्हतं. थोडा वेळ ती उंबऱ्यावर एका बाजूला सरून उभी राहिली. मग तिने दार लोटलं. कडी लावली नाही.

टेबलाजवळ आली, पण खुर्चीत बसली नाही. मोबाईलसमोरची खुर्ची रिकामीच होती. भिंतीला टेकून उभं राहून, कडेने तिने पडद्याकडे बघितलं. ऋतुजाला ती दिसत नसणार.

"कुणी होतं का?" ऋतुजाने विचारलं.

"न्हाई. कुणी न्हाई."

"मग ये ना हितं. आन पाणी पी आधी."

"का?"

"किती खोकून राहिलीस."

मनिषा हलली नाही. तिने बोटं आपल्या गळ्यावर ठेवली. गळा शांत होता. ऋतुजा कपाळाला आठ्या घालून, पडद्याच्या बाहेर कुठेतरी ऐकत होती.

"मम्मी, अगं पाणी पी की."

"पिते," मनिषा म्हणाली.

तिने मोबाईल भिंतीला टेकवला, तांब्या उचलला, फुलपात्र भरलं आणि टेबलाच्या पलीकडच्या बाजूला ठेवलं. मग हात मागे घेतला आणि ऋतुजाच्या ओठांकडे बघत उभी राहिली.

बराच वेळ ते मिटलेले होते.

"हां," ऋतुजा म्हणाली. "आता थांबला बघ."